बटणातले गाणे आणि घरातला आवाज

परदेशातून सुटीवर येणाऱ्या नातेवाइकांच्या बॅगेत पूर्वी खजूर, अत्तर आणि चॉकलेटचे डबे असत. आजही असतात. पण ज्या घरात लहान मूल आहे, त्या घरासाठी अलीकडे आणखी एक वस्तू येते: जाड पुठ्ठ्याचे, रंगीत चित्रांचे, एका कडेला बटणांची पट्टी असलेले पुस्तक. चंद्रकोरीचे बटण दाबले की ईदचे गाणे वाजते, कंदिलाचे बटण दाबले की रमजानचे. मूल हरखून जाते. घरातली मोठी माणसे पहिल्या दिवशी कौतुक करतात, दुसऱ्या दिवशी हसतात आणि तिसऱ्या दिवशी विचारतात, "याचा आवाज कमी कसा करायचा?"

या वेळच्या सदरात आपण या गाणाऱ्या पुस्तकांविषयी बोलू. विषय छोटा वाटतो, पण मुलाच्या कानात सणाचा पहिला सूर कोणाच्या आवाजात पडणार, हा प्रश्न त्याच्याशी जोडलेला आहे. शिवाय या पुस्तकांच्या पोटात एक धोकाही असतो. तो प्रत्येक आई-वडिलांना माहीत असलाच पाहिजे.

आवाज काढणारे पुस्तक ही कल्पना आजची नाही. जर्मनीतील सोनेबर्ग हे खेळणी बनवणारे जुने गाव. तिथल्या थिओडोर ब्रांड नावाच्या कारागिराने १८७८ च्या सुमारास 'बोलके चित्रपुस्तक' तयार केले. पुस्तकाच्या कडेला दोऱ्या लोंबत. दोरी ओढली की आत दडवलेला छोटा भाता हवा सोडी आणि कोंबडा, गाढव, कोकरू, गाय यांच्यासारखा आवाज निघे. वीज नाही, सेल नाही, नुसती हवा आणि लाकूड. पुढे १८९० मध्ये अमेरिकेत एडिसनच्या कंपनीने बोलणारी बाहुली विकायला काढली. तिच्या पोटात मेणावर कोरलेले ध्वनिमुद्रण होते आणि पाठीमागे फिरवायची कळ. बाहुली बालगीत म्हणे. पण आवाज खरखरीत, यंत्र नाजूक आणि किंमत भारी. काही आठवड्यांतच ती बाजारातून परत घ्यावी लागली. आज तेच काम नखाएवढी चिप, बोटभर रुंद स्पीकर आणि घड्याळातल्यासारखे दोन-तीन सेल करतात. वस्तू स्वस्त झाली, म्हणून ती घरोघरी पोहोचली.

या पुस्तकांचा मोठा हंगाम ब्रिटन-अमेरिकेत डिसेंबरमध्ये असतो. नाताळच्या गाण्यांची पुस्तके तिथे दुकानात रचून ठेवलेली असतात. गंमत अशी की प्रकाशक वेगवेगळे असले तरी गाणी बहुतेक तीच. 'जिंगल बेल्स' तर जवळपास हमखास. हे गाणे जेम्स पिअरपॉन्ट यांनी १८५७ मध्ये दुसऱ्याच नावाने प्रसिद्ध केले आणि त्यात नाताळाचा उल्लेखसुद्धा नाही. आहे ती बर्फावरून धावणारी घोड्याची गाडी. 'सायलेंट नाइट' १८१८ मध्ये ऑस्ट्रियातील ओबर्नडॉर्फ गावच्या चर्चमध्ये प्रथम गायले गेले. शब्द तिथल्या पाद्र्याचे, चाल शेजारच्या गावातल्या शाळामास्तरची. ही गाणी इतकी जुनी आहेत की त्यांच्या शब्दांवर आणि चालीवर आता कोणाचा हक्क नाही, कोणाला पैसे द्यावे लागत नाहीत. त्यामुळे स्वस्त पुस्तकात तीच येतात.

पण ती पुन:पुन्हा खपतात, याचे दुसरे कारण आपल्या कामाचे आहे. ती गाणी तिथल्या आजी-आजोबांना पाठ आहेत. बटण दाबले की यंत्र आठ-दहा सेकंद वाजते आणि थांबते. पुढची ओळ आजी म्हणते. म्हणजे बटण फक्त सुरुवात करून देते. गाणे पूर्ण होते ते घरातल्या माणसाच्या तोंडून. पुस्तकाची खरी किंमत त्या दहा सेकंदांत नाही, त्यानंतरच्या ओळीत आहे.

इंग्लंड-अमेरिकेतल्या मुस्लिम घरांपुढे हा प्रश्न आपल्या आधी उभा राहिला. बालवाडीत डिसेंबरभर गाणी, दुकानात गाणी, शेजारच्या घरात गाणी. आणि आपल्या ईदला मुलाच्या हातात काय द्यायचे? काहींनी नुसते 'ते आपले नाही' म्हणून सांगितले. ते मुलाला कळले, पण त्याचे हात रिकामेच राहिले. इतरांनी मुलांसाठी नवी गीते लिहिली. पॉप गायकाचे वैभव सोडून इस्लाम स्वीकारलेल्या युसुफ इस्लाम यांनी २००० मध्ये 'ए इज फॉर अल्लाह' हा मुलांसाठीचा संग्रह काढला. अशी गीते, चित्रपुस्तके आणि मग बटणांची पुस्तके असा हा प्रवास झाला. नुसती मनाई करण्यापेक्षा त्या जागी चांगले काही देणे हा मार्ग आम्हाला अधिक शहाणपणाचा वाटतो.

सणाच्या दिवशी मुलांनी गावे, याला आपल्या परंपरेतही जागा आहे. हजरत आयेशा (र.) यांच्याकडून आलेली हदीस बुखारी आणि मुस्लिम या दोन्ही संग्रहांत आहे. ईदच्या दिवशी त्यांच्या घरी दोन मुली डफ वाजवून गात होत्या. हजरत अबू बक्र (र.) आले आणि रागावले. तेव्हा प्रेषित मुहम्मद (स.) यांनी त्यांना थांबवले आणि प्रत्येक समाजाची ईद असते, ही आपली ईद आहे, अशा अर्थाचे समजावले. वाद्यांविषयी उलेमांमध्ये जे मतभेद आहेत, त्यात शिरण्याचे हे सदर नाही. ज्यांना केवळ आवाज किंवा डफ एवढेच चालते, त्यांच्यासाठी तशी गीते भरपूर आहेत. मुद्दा इतकाच की ईदच्या दिवशी घरात मुलांचा आनंदी आवाज असणे ही परकी गोष्ट नाही.

जिथे मुसलमान समाज मोठा आहे, तिथे ईदला स्वतःचा सूर मिळाला, तो त्या-त्या मातीच्या भाषेत. बंगालीत काझी नजरुल इस्लाम यांनी १९३१ मध्ये रमजानच्या अखेरीस येणाऱ्या ईदवर गीत लिहिले. अब्बासुद्दीन अहमद यांच्या आवाजात त्याची तबकडी निघाली. आजही बांगलादेशात चांद दिसल्याची बातमी आली की ते गीत वाजू लागते आणि लहान-थोर सगळे ते गुणगुणतात. इजिप्तमध्ये उम्म कुल्सूम यांनी 'दनानीर' या १९४० च्या चित्रपटात ईदच्या रात्रीचे गीत गायले. तिथल्या कित्येक घरांत ईदची चाहूल त्या गीतानेच लागते. बंगाली मुलाची ईद बंगालीत गाते, मिसरी मुलाची अरबीत.

मग आपल्या मुलाची ईद कोणत्या भाषेत गाते?

हा प्रश्न आम्ही वाचकांपुढे मुद्दाम ठेवतो. महाराष्ट्रातल्या मुसलमान घरांत बोली एक नाही. रत्नागिरी-रायगडच्या घरांत कोकणी बोली, मराठवाड्यात दख्खनी, घाटावरच्या कित्येक खेड्यांत सरळ मराठी. या बोलींत दादी-नानींच्या तोंडी खूप काही होते. सहेरीला उठवण्याच्या हाका, चांद दिसल्यावर मुलांनी गल्लीत घालायचा गलका, शेवया वळताना बायांनी म्हटलेली गाणी, पाळण्यातल्या बाळाला अल्लाह-रसूलचे नाव ऐकवत झोपवणाऱ्या ओव्या. यातले फारच थोडे कागदावर आले. जे होते ते आवाजात होते, आणि आवाज माणसाबरोबर जातो.

आमच्या पाहण्यात आलेली बटणांची पुस्तके इंग्रजीत आहेत, अरबीत आहेत, काही उर्दूत आहेत. मराठीत किंवा कोकणी बोलीत ईदचे गाणारे पुस्तक आमच्या पाहण्यात आलेले नाही. यात त्या पुस्तकांचा दोष नाही. मुलाने इंग्रजीतले ईदचे गाणे शिकले तर बिघडत नाही. पण घरात फक्त तेच वाजत राहिले, तर चार वर्षांच्या मुलाच्या मनात ईद ही दुबईहून बॅगेत येणारी वस्तू होऊन बसेल. सोप्यावर तसबीह घेऊन बसलेल्या दादीचा आणि ईदचा काही संबंध आहे, हे त्याला कळायचे कसे?

वाजणाऱ्या वस्तूंचा घरातल्या बोलण्यावर काय परिणाम होतो, याचा अभ्यास झालेला आहे. अमेरिकेतल्या नॉर्दर्न ॲरिझोना विद्यापीठातील ॲना सोसा यांनी दहा ते सोळा महिन्यांच्या बाळांचे आणि त्यांच्या पालकांचे घरातले खेळणे ध्वनिमुद्रित केले. जोड्या २६ होत्या. हातात साधे पुठ्ठ्याचे पुस्तक असताना पालक मिनिटाला सुमारे ६७ शब्द बोलले, ठोकळ्यांसारखी साधी खेळणी असताना सुमारे ५६ आणि बोलणारी-वाजणारी खेळणी असताना सुमारे ४०. अभ्यास छोटा आहे आणि त्यातली वाजणारी वस्तू खेळणी होती, पुस्तके नव्हती. तरी त्यातून निघणारी गोष्ट कोणत्याही घरात पाहता येईल: यंत्र बोलू लागले की माणूस गप्प होतो. आणि त्या वयाचे बाळ भाषा शिकते ती माणसाच्या तोंडाकडे पाहत, त्याला उत्तर देत. बटण उत्तर ऐकून घेत नाही.

म्हणून पुस्तक फेकून द्या, असे आम्ही म्हणणार नाही. ते वापरायचे कसे, एवढेच ठरवायचे आहे.

पहिली गोष्ट, पुस्तक मुलाच्या हाती देऊन स्वयंपाकघरात जाऊ नये. ते मांडीवर घेऊन वाचण्याचे पुस्तक आहे. आधी चित्र पाहावे, "हे काय आहे? चांद कोणी पाहिला? तुझ्या अब्बांनी की दादाजींनी?" असे विचारावे आणि मग बटण दाबू द्यावे. गाणे संपले की तीच ओळ आपण म्हणावी, हळू, आपल्या आवाजात. सूर लागत नसेल तर नसू दे. मुलाला आईचा बेसूर आवाजही यंत्रापेक्षा गोड लागतो.

दुसरी गोष्ट, गाण्याचा अर्थ घरच्या भाषेत सांगावा. गाणे इंग्रजी असेल तर 'मून' म्हणजे आपला चांद, 'लँटर्न' म्हणजे कंदील. आणि मग आपल्याकडे ईदला काय असते ते सांगावे: शिरखुर्मा, ईदगाहला जाणे, नवे कपडे, ईदी, आणि नमाजच्या आधी गरिबापर्यंत पोहोचवायचा फितरा. फित्र्याचे बटण कोणत्या पुस्तकात असेल-नसेल. ते आपण सांगायचे.

तिसरी गोष्ट अदबीची. काही पुस्तकांत अजान, दुआ आणि कुरआनच्या आयतीही बटणावर असतात. मूल एक बटण दाबते, लगेच दुसरे दाबते. आयत मध्येच तुटते आणि पुढे बकरीचे बें-बें सुरू होते. मुलाचा यात काही गुन्हा नाही, पण अदब शिकण्याच्या वयात हे दृश्य बरे नव्हे. आमची सूचना अशी: गाण्यांचे पुस्तक खेळण्यांत असू द्या; आयती आणि अजान असलेले पुस्तक उंच फळीवर ठेवा, वजू करून, मुलाला शेजारी बसवून, ठरलेल्या वेळी काढा आणि सुरू झालेली तिलावत पूर्ण होऊ द्या. मसअला काय आहे ते आपल्या विश्वासातल्या आलिमांना जरूर विचारा. ईदच्या रात्रीची तकबीर मात्र यंत्राकडे अजिबात सोपवू नका. ती अब्बांच्या खांद्यावर बसून, ईदगाहच्या वाटेवर शिकायची गोष्ट आहे.

चौथी गोष्ट कानाची. पुस्तक कानाला लावून ऐकण्याची मुलांना सवय असते. ते वाजत असताना तुम्हाला आवाज चढवून बोलावे लागत असेल, तर तो आवाज मुलासाठी जास्त आहे. स्पीकरच्या भोकांवर पारदर्शक चिकटपट्टीचे एक-दोन थर लावले की आवाज बराच खाली येतो.

आता त्या धोक्याकडे येऊ. इथे वाचकांनी जरा थांबून वाचावे. या पुस्तकांच्या मागच्या पुठ्ठ्यात बहुधा बटणाच्या आकाराचे सेल असतात. मुलाने असा सेल गिळला आणि तो अन्ननलिकेत अडकला, तर ओल्या जागी त्यातून वीज वाहू लागते आणि आतले मांस जळू लागते. अवघ्या दोन तासांत गंभीर इजा होऊ शकते. नाण्यासारखा चपटा, सुमारे २० मिलिमीटरचा लिथियमचा सेल सर्वांत घातक, कारण तो लहान मुलाच्या गळ्याखाली नेमका अडकतो. 'सेल संपला आहे, आता काय होणार' हा समज चुकीचा आहे. गाणे वाजवायला न पुरणारा सेलही आत जाळायला पुरतो. अमेरिकेत दीड वर्षाची एक मुलगी रिमोटमधला असा सेल गिळून दगावली. तिच्या नावाने २०२२ मध्ये तिथे 'रीझ कायदा' झाला. सेलचा कप्पा मुलाला उघडता येणार नाही असाच असला पाहिजे, हा त्याचा गाभा आहे.

भारतात १ जानेवारी २०२१ पासून खेळण्यांवर आयएसआय चिन्ह सक्तीचे आहे. पण जी वस्तू पुस्तक म्हणून विकली जाते किंवा बॅगेतून परदेशातून येते, तिच्यावर ते असेलच असे धरून चालू नये. म्हणून स्वतः पाहा. सेलच्या कप्प्याला स्क्रू आहे का? स्क्रू घट्ट आहे का? पुस्तक दोनदा टेबलावर आपटले तर झाकण सैल होते का? पुठ्ठा ओला होऊन सुटू लागला आहे का? यापैकी काही जरी खटकले, तरी सेल काढून टाका. पुस्तक मुके राहील, पण वाचता येईल. काढलेले सेल दोन्ही बाजूंनी चिकटपट्टीत गुंडाळून उंच जागी ठेवा आणि ई-कचऱ्यात द्या. उशाखाली, देवडीत, शिवणाच्या डब्यात ठेवू नका.

मुलाने सेल गिळल्याची नुसती शंका आली, एकाएकी लाळ गळू लागली, खोकला लागला, खाणे नको म्हणू लागले, तरी घरात वाट पाहू नका. थेट एक्स-रेची सोय असलेल्या दवाखान्यात न्या आणि 'सेल गिळला असावा' हे शब्द पहिल्यांदा सांगा. उलटी करवू नका, भाकरीचा तुकडा किंवा केळे खाऊ घालू नका. मूल एक वर्षाच्या वरचे असेल, गिळता येत असेल आणि सेल गिळून बारा तास झाले नसतील, तर वाटेत दर दहा मिनिटांनी दोन छोटे चमचे मध, जास्तीत जास्त सहा वेळा, असा सल्ला तज्ज्ञ देतात. मध हा उपचार नव्हे, दवाखान्यात पोहोचेपर्यंतची ढाल आहे. मध शोधण्यात वेळ घालवू नका.

शेवटी एक काम सुचवतो, त्याला पैसे लागत नाहीत. प्रत्येक घरात मोबाइल आहे. येत्या रमजानच्या आधी एका दुपारी दादीजवळ, नानीजवळ बसा. "तुमच्या लहानपणी ईदच्या आदल्या रात्री काय म्हणायचे?" एवढेच विचारा. पहिल्यांदा त्या म्हणतील, "आता काय आठवणार?" थोडा वेळ जाऊ द्या. एक ओळ निघेल, तिच्यामागून दुसरी. ते रेकॉर्ड करा. शब्द वहीत उतरवा. मोठ्या मुलांना जाड पुठ्ठा, रंगीत कागद आणि डिंक द्या. प्रत्येक ओळीला एक चित्र काढायला सांगा. पुठ्ठ्याला भोक पाडून जाड दोऱ्याने शिवा. झाले पुस्तक. त्याला बटण नाही, सेल नाही. मूल चित्रावर बोट ठेवेल आणि शेजारी बसलेले माणूस गाईल. दादी कंटाळली तर मोबाइलवरचे रेकॉर्डिंग लावा. उद्या दादी नसली, तरी तिचा आवाज त्या घराची ईद सुरू करून देईल, इन्शाअल्लाह.

अशी गाणी, हाका, ओव्या ज्यांच्या घरी सापडतील, त्यांनी गावाच्या नावासह ती आमच्याकडे जरूर पाठवावीत. शब्द अर्धे असले तरी चालतील. उरलेले अर्धे कदाचित दुसऱ्या एखाद्या गावच्या नानीला आठवत असतील.